धुक्याआडच्या सावल्या

पुण्याहून दिल्लीला शिकायला आलेला माझा भाचा शनिवार-रविवारी आमच्याकडे फरीदाबादला येतो. वाटेत नेहरू प्लेसला उतरून कधी जुनी रॅम, कधी ग्राफिक्स कार्डाचा पंखा असे काहीबाही घेऊन येतो आणि माझ्या म्हाताऱ्या डेस्कटॉपची डागडुजी करतो. गेल्या डिसेंबरात त्याने त्यावर ‘ग्रँड थेफ्ट ऑटो : सॅन अँड्रियास’ हा जुना गेम बसवला, त्यावर रीशेड नावाचे सॉफ्टवेअर चढवले आणि कीबोर्डवरची एक कळ मला नेमून दिली.

“मावशी, ही दाबलीस की माझं, परत दाबलीस की मूळ.”

मी दाबली. रस्त्यावरचा नारिंगी धुरकटपणा गेला, इमारतींच्या कडा रेखीव झाल्या, गाड्यांच्या पोटाखाली सावली आली. परत दाबली, धुरकटपणा जागेवर. खिडकीबाहेर फरीदाबादचे हिवाळी धुरके होते. त्याच्यासाठी अशी कळ नाही का, असे मी विचारले आणि आम्ही दोघे हसलो. पण मी कळ दाबत राहिले. भाषांतरकाराला मूळ आणि नंतरचे इतक्या झटपट आलटून-पालटून पाहायला कधीच मिळत नाही.

गेमचे चित्र ‘सुधारणाऱ्या’ या शेडरांकडे समीक्षेने अजून फारसे पाहिलेले नाही. ते काम तंत्रज्ञांचे, असे आपण धरून चालतो. पण कोणीतरी पूर्ण केलेल्या कृतीवर दुसरे कोणी हात फिरवते आणि पाहणारा त्या हातातून मूळ कृती पाहतो, ही गोष्ट साहित्याच्या वाचकाला परकी नाही.

आधी हे काम चालते कसे ते पाहू. गेम सेकंदाला साठ चित्रे दाखवत असेल, तर एका चित्राला साधारण सतरा मिलिसेकंद मिळतात. गेमचे इंजिन तेवढ्या वेळात माणसे, भिंती, दिवे, आकाश सगळे मांडून चित्र पुरे करते. ते पडद्यावर जाण्याच्या क्षणी रीशेड मध्ये येते. त्याच्या हाती दोनच गोष्टी असतात : प्रत्येक बिंदूचा रंग आणि तो बिंदू कॅमेऱ्यापासून किती लांब आहे याची नोंद, म्हणजे डेप्थ बफर. हा दिवा, हा चेहरा, ही ओली भिंत, असे त्याला काही कळत नाही. चौकटीबाहेर काय आहे, पुढच्या वस्तूमागे काय लपले आहे, हेही कळत नाही. रंग आणि अंतर एवढ्यावरून अंदाज बांधून ते उजेड, सावली, धार घालते. गेमची मूळ रचना त्याला उघडावी लागत नाही. दुवाभाषेतून भाषांतर करणारा असाच काम करतो. इंग्रजीवरून रशियन कादंबरी मराठीत आणताना समोर पूर्ण झालेले पान असते; ते कशातून झाले हे दिसत नाही.

एवढ्या तुटपुंज्या सामग्रीवर होणारे काम पुष्कळदा उत्तम असते, हे आधी मान्य केले पाहिजे. तिरक्या रेषांच्या पायऱ्या घालवणारे एसएमएए हे तंत्र घ्या. तारेच्या किंवा कठड्याच्या कडेला दिसणारे दाते कोणत्याही कलावंताला हवे होते म्हणून आलेले नसतात. ते चौकोनी बिंदूंमुळे येतात. आकाशाच्या रंगछटांत पडणारे पट्टेही तसेच. ते पुसणे म्हणजे जुन्या पुस्तकाच्या नव्या आवृत्तीत मुद्रणदोष दुरुस्त करणे. त्याबद्दल कोणी हळहळू नये.

अडचण धुक्यापाशी सुरू होते. १९९९ च्या ‘सायलेंट हिल’मध्ये गावभर दाट धुके आहे. पहिल्या प्लेस्टेशनला दूरवरचे रस्ते आणि घरे एकाच वेळी काढणे झेपत नव्हते, म्हणून ते धुके आले. पण त्या धुक्यातून पावलांचा आवाज येतो आणि दिसत काहीच नाही, यावर त्या गेमची सगळी भीती उभी राहिली. यंत्राची लंगडी बाजू कृतीची भाषा झाली. आता ते धुके दोष की आशय? मला दोन्ही वाटते, आणि म्हणूनच त्याला हात लावणाऱ्याला आधी वाचावे लागते.

‘सॅन अँड्रियास’ २००४ चा. त्यातले लॉस सँटोस हे शहर लॉस एंजेलिसवर बेतलेले, काळ १९९२ चा. तिथला धुरकटपणा यंत्राची मर्यादा झाकतो आणि त्या शहराची ख्यातनाम हवाही दाखवतो. नोव्हेंबर २०२१ मध्ये या गेमची अधिकृत नवी आवृत्ती आली, तेव्हा ते धुके जवळजवळ नाहीसे झाले होते. उंचावर गेले की तीन शहरे, वाळवंट आणि डोंगर एका नजरेत मावू लागले. जे राज्य ओलांडायला खेळणाऱ्यांना अपार वाटत होते ते टेबलावर मांडलेल्या प्रतिकृतीएवढे दिसले. टीका झाली, दुरुस्त्या झाल्या, आणि २०२४ च्या नोव्हेंबरात जुन्या उजेडाची आठवण देणारा पर्याय त्या आवृत्तीत द्यावा लागला. ही आवृत्ती म्हणजे हौशी शेडर नव्हे. मूळ सामग्री हाताशी असलेल्यांनी केलेले काम आहे. म्हणजे मूळ हाताशी असले तरी वाचन चुकू शकते.

फरीदाबादला राहणाऱ्याला हे चटकन पटावे. पावसाळ्यात एखाद्या दिवशी हवा धुऊन निघते आणि गच्चीवरून अरवलीची बुटकी रांग स्पष्ट दिसते. पाहून आनंद होतो, पण शहर अचानक लहानही वाटते. बाहेरचे धुरके विष आहे, ते गेलेच पाहिजे. गेममधले धुके मात्र कोणाच्या छातीत जात नाही. दोन्हींना एकच कळ लावता येत नाही.

भाच्याच्या शेडरांत मला सर्वांत बोलकी वाटली ती एक चूक. कोपऱ्यांत आणि फटींत अंधार भरणारे ॲम्बियंट ऑक्लुजन नावाचे तंत्र असते. २००७ च्या ‘क्रायसिस’पासून ते गेमांत रूढ झाले. वस्तू जमिनीवर टेकलेली वाटावी म्हणून ते अंतराची नोंद पाहून सावली घालते. पण धुके हा रंगाचा भाग आहे, अंतराच्या नोंदीत त्याचा पत्ता नसतो. त्यामुळे रीशेडमधून हे तंत्र बेतशीर न लावल्यास धुक्यात पूर्ण बुडालेल्या घराच्या वळचणीची काळी सावली धुक्याच्या अलीकडे उमटते. घर दिसत नाही, त्याची सावली दिसते. शेडर चुकीचे काहीच सांगत नसतो. घर तिथे आहेच. लेखकाने जे सांगायचे नाही असे ठरवले होते, तेवढे तो सांगून टाकतो.

दुसरे उदाहरण घरचे. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा ‘राजी : ॲन एन्शंट एपिक’ २०२० मध्ये आला. भावाला शोधत निघालेल्या मुलीची ही कथा राजस्थानी वास्तू आणि पहाडी चित्रे यांच्यावरून आपले दृश्य घडवते. भाच्याने त्यावर एक ‘सिनेमासारखा’ संच लावला : काळे अधिक काळे, रंग थोडे विझलेले, चौकटीचे कोपरे अंधारलेले, दिव्यांभोवती प्रभा. एखादे स्थिरचित्र म्हणून ते देखणे होते. पण राजी आता युरोपातल्या कुठल्याही किल्ल्यात फिरत असावी असे वाटले. पहाडी चित्रकार रात्रसुद्धा अंधार करून दाखवत नाही. चंद्र काढतो, दिवा काढतो, आणि नायिकेच्या ओढणीचा काठ दिवसासारखाच स्पष्ट ठेवतो. गेम त्रिमितीय असल्याने त्यात सावल्या आहेतच, पण त्याच्या रंगांना ही आठवण आहे. शेडरने ती पुसली. एकच संच शेकडो गेमांना लागतो, आणि लागला की शेकडो गेम एकमेकांच्या नात्यातले दिसू लागतात. सगळे लेखक एकाच मराठीत बोलायला लावणारी भाषांतरे आपण वाचलेली आहेत.

इथे माझ्याच मनात एक आक्षेप येतो. शुद्धतेचा हा आग्रह कुठवर न्यायचा? राजा रविवर्म्याने पुराणातल्या देवतांवर युरोपीय तैलरंगातला छायाप्रकाश घातला. १८९४ मध्ये मुंबईत सुरू झालेला आणि पुढे लोणावळ्याजवळ मळवलीला गेलेला त्याचा छापखाना त्या देवता घराघरांत घेऊन गेला. आणि घराघरांतल्या बायांनी त्या छापील लक्ष्मी-सरस्वतींवर जर लावली, टिकल्या चिकटवल्या, साडीला खरे कापड शिवले. तयार चित्रावर वरून चढवलेला थरच तो. त्याला कोणी विद्रूपीकरण म्हणत नाही, मीही म्हणणार नाही. जर लावणाऱ्या बाईला लक्ष्मी ठाऊक होती. तिने वाढवले ते जे चित्रात होते तेच : ऐश्वर्य. जुन्या गेमवर वर्षानुवर्षे जीव लावून शेडर जुळवणारी मुले बहुधा तिचीच वारस आहेत. प्रश्न थर चढवण्याचा नाही. ज्याच्यावर चढवतो ते ओळखण्याचा आहे.

हे मी बाहेरून बोलत नाही. काही वर्षांपूर्वी मी एका हिंदी कथेचे मराठी भाषांतर केले. निवेदक इथल्याच औद्योगिक भागात प्रेस मशीनवर काम करणारी बाई. ती सगळे एका सपाट सुरात सांगते आणि प्रत्येक वाक्य ‘फिर’ने सुरू करते. फिर हूटर वाजतो, फिर पट्टी सरकते, फिर मशीन खाली येते, फिर बोट जाते, फिर डब्यातली भाजी सांडू नये म्हणून ती डबा सरळ करते. इतके ‘मग’ मराठीत कानाला टोचले. मी निम्म्याहून अधिक काढले. बोट जाण्याआधी एक वाक्य तोडून छोटा विराम ठेवला, म्हणजे घाव नीट बसावा. अनुवाद ‘ओघवता’ झाल्याचे मला पुष्कळांनी सांगितले.

त्या डिसेंबरात कळ दाबता दाबता मला ते पान आठवले. त्या बाईच्या बोलण्यात विराम नव्हता, कारण मशीनला विराम नव्हता. बोट जाणे आणि डबा सरळ करणे हे तिच्याकडे एकाच उजेडात होते. मी तिथे सावली घातली. अंतराच्या नोंदीवरून मला कळले होते की घटना मोठी आहे. तिने ती धुक्यात का ठेवली हे मी पाहिलेच नाही. आणि मराठी वाचकापाशी परत दाबायला कळ नव्हती.

शेडर-मोडची बाजू भाषांतराहून नैतिकदृष्ट्या उजवी ठरते ती इथे. मूळ जसेच्या तसे खाली शिल्लक असते. शिवाय रीशेडचा प्रत्येक संच ही एक साधी मजकुराची फाइल असते. कोणती तंत्रे लावली, कोणत्या क्रमाने, सावली किती, धार किती, सगळे आकड्यांत लिहिलेले. कोणीही उघडून वाचावे, एखादा आकडा कमी करून पाहावे. आपल्यापैकी किती भाषांतरकार एवढा कबुलीजबाब प्रस्तावनेत देतात? ‘मुळाशी प्रामाणिक राहण्याचा प्रयत्न केला आहे’ या वाक्यात एकही आकडा नसतो.

भाच्याला मी धुक्यातल्या सावलीबद्दल सांगितले. त्याने फाइल उघडली, सावली किती अंतरापर्यंत घालायची तो आकडा खाली आणला. दूरचे घर धुक्यात विरले, जवळच्या गाडीखालची सावली राहिली. नारिंगी छटाही त्याने बरीचशी परत येऊ दिली. “आता फार फरक दिसत नाही गं,” तो जरा हिरमुसून म्हणाला. मला वाटते, तो संच त्या दिवशीचा सर्वांत चांगला होता.

त्या कथेची दुसरी आवृत्ती निघेल की नाही, माहीत नाही. माझ्या प्रतीत मात्र मी समासात पेन्सिलीने ‘मग’ लिहायला सुरुवात केली आहे.