मंडपाबाहेरचा चेहरा

भाऊबीज सरली की चंद्रपूर-गडचिरोलीच्या धानपट्ट्यात नाटकांचा हंगाम सुरू होतो, तो होळीपर्यंत चालतो. मंडई, शंकरपट अशी निमित्ते असतात. दंडारीच्या परंपरेशी नाते सांगणाऱ्या या झाडीपट्टी रंगभूमीचे केंद्र म्हणजे वडसा (देसाईगंज). गावोगावची माणसे तिथे येऊन नाटक ठरवून जातात. २०२३ साली परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली, तेव्हा उर्वरित महाराष्ट्राचे लक्ष काही काळ इकडे वळले. एरवी बाहेरच्यांना ही रंगभूमी भेटते ती मोबाइलवर, अर्ध्या मिनिटाच्या नाचातून. त्या तुकड्यांवरून तिच्याविषयी जे निकाल दिले जातात, ते मला तपासून पाहायचे आहेत.

मंडपात नाटक रात्री उशिरा सुरू होते आणि पहाटेपर्यंत चालते. कौटुंबिक कथानक, झाडीबोलीतला विनोद, रडवणारे प्रसंग, मध्येच नाच, हे सारे एकाच रात्रीत. मी पाहिलेल्या एका प्रयोगात नाचून गेलेली नटी पुढच्या अंकात छळ सोसणारी सून म्हणून आली, तेव्हा मघाशी शिट्ट्या मारणारेच डोळे पुसत होते. दोन्ही सोंगेच, हे शेवटच्या रांगेलाही ठाऊक होते. पुढे त्याच प्रयोगाचा तुकडा मी फोनवर पाहिला. त्यात फक्त नाच होता. नाटकाचे नाव नाही, पात्राचे नाव नाही. खालचे शेरे सरळ त्या बाईला उद्देशून होते.

इथे मला अमालिया उल्मन आठवते. अर्जेंटिनात जन्मलेल्या या कलावतीने २०१४ साली इन्स्टाग्रामवर ‘एक्सलन्सेस अँड परफेक्शन्स’ ही कलाकृती सादर केली. काही महिने ती स्वतःच्याच नावाने एक बनावट आयुष्य छायाचित्रांतून रंगवत राहिली. स्तनांच्या शस्त्रक्रियेचा बनावही त्यात होता. अनेकांनी ते खरे मानले. शेवटी हा सारा अभिनय होता, हे तिने उघड केले. २०१६ साली ही कलाकृती लंडनच्या टेट मॉडर्नमधील प्रदर्शनात मांडली गेली.

दोन्हीकडे रंगमंच दिसेनासा होतो आणि सोंग आयुष्य म्हणून वाचले जाते. मात्र उल्मनने रंगमंच स्वतः लपवला आणि स्वतःच दाखवला. वडशाच्या नटीचा रंगमंच दुसऱ्यानेच कापून टाकलेला असतो. ‘हे नाटक होते’ असे सांगण्याची वेळ आणि जागा तिला मिळत नाही. एकीच्या नावावर कलाकृती जमा होते, दुसरीच्या नावावर बदनामी.

तुकडा गाजला की फलकावर नटीचे छायाचित्र मोठे होते, मंडळाला मागणी येते, हे नाकारता येणार नाही. नाचाचा भाग कथानकाला डोईजड होतो, ही जुन्या रसिकांची तक्रारही खोटी नाही. पण ही तक्रार करण्याचा अधिकार त्यांनी पहाटेपर्यंत बसून मिळवलेला आहे. फोनवर बोट फिरवणाऱ्याला तो आपोआप मिळत नाही.

चित्रण करणाऱ्याने निदान नटीला विचारावे, आणि नाटकाचे व पात्राचे नाव सोबत लिहावे. आणि समीक्षा लिहिणाऱ्याने एका रात्रीचे तिकीट काढावे.