‘रीबिल्डिंग पॅरडाइज’ : पुनर्वसनाच्या चित्रणाची मर्यादा

कॅलिफोर्नियातील पॅरडाइज हे डोंगरमाथ्यावरील गाव ८ नोव्हेंबर २०१८ रोजी वणव्यात सापडले आणि काही तासांतच बव्हंशी भस्मसात झाले. या वणव्यात ८५ माणसे मृत्युमुखी पडली व १८,००० हून अधिक इमारती नष्ट झाल्या. त्यानंतरच्या वर्षाचे चित्रण करणारा रॉन हॉवर्ड यांचा हा अनुबोधपट २०२० साली प्रदर्शित झाला.

पटाचा प्रारंभ भयानक रसाचा उत्कृष्ट नमुना म्हणावा लागेल. पळणाऱ्या माणसांनी स्वतःच टिपलेली दृश्ये येथे एकत्र गुंफली आहेत. भरदिवसा दाटलेला काळोख, दुतर्फा पेटलेली झाडे, खोळंबलेल्या मोटारी आणि आतील भेदरलेले स्वर यांतून प्रेक्षकाला संकटाची प्रत्यक्ष प्रतीती येते.

पुढील भागात मात्र दृष्टी आकुंचित होते. शालान्त विद्यार्थ्यांचा समारंभ आपल्याच मैदानावर व्हावा ही शाळाधिकाऱ्यांची धडपड, किंवा घर पुन्हा बांधण्याचा माजी महापौरांचा निर्धार, हे प्रसंग हृद्य आहेत. परंतु ते गावाला चिकटून राहिलेल्यांचे आहेत. २०१० च्या जनगणनेत पॅरडाइजची लोकसंख्या २६,२१८ होती; २०२० मध्ये ती ४,७६४ भरली. बहुसंख्य रहिवासी परागंदा झाले असता पटाचे लक्ष उरलेल्यांवर केंद्रित होते. हा दोष हेतूचा नसून पद्धतीचा आहे. चित्रण गावातच वर्षभर मुक्काम करते. साहजिकच गाव सोडून गेलेला भाडेकरू किंवा वृद्ध त्याच्या कक्षेबाहेर पडतो.

क्रोधाच्या चित्रणातही हीच उणीव जाणवते. वीजवाहिनीचा आधार असलेला झिजलेला लोखंडी आकडा तुटून हा वणवा पेटला. पॅसिफिक गॅस अँड इलेक्ट्रिक या कंपनीने जून २०२० मध्ये ८४ व्यक्तींच्या सदोष मनुष्यवधाचा गुन्हा न्यायालयात कबूल केला. ही कबुली चित्रण पूर्ण झाल्यानंतरची असल्याने तिच्या अभावाबद्दल दिग्दर्शकास दोष देता येणार नाही. तथापि, कंपनीच्या प्रतिनिधींसमोर नागरिकांचा जो संताप प्रकटतो, तो परिपुष्ट होण्यापूर्वीच कथन सांत्वनाकडे वळते. परिणामी मानवी हलगर्जीपणाने ओढवलेला अनर्थ दैवी आपत्तीसारखा भासू लागतो.

गावाची पुनर्रचना आणि जनसमुदायाची पुनःस्थापना या दोन भिन्न गोष्टी होत. घरे त्याच जागी पुन्हा उभारता येतात. विखुरलेला शेजार तसा उभारता येत नाही. प्रस्तुत अनुबोधपट पहिलीची कहाणी आस्थेने सांगतो. शीर्षकातील अभिवचन मात्र दुसरीचीही अपेक्षा निर्माण करते, आणि ती अपुरी राहते.