‘अल्गॉलॉजिस्ट’ : शैवाल, वेदना आणि मराठी परिभाषा

पारिभाषिक शब्दाकडून पहिली अपेक्षा असते ती एकार्थतेची. व्यवहारातील शब्दाला अनेक अर्थच्छटा असाव्यात, शास्त्रातील शब्दाला एकच अर्थ असावा, हे तत्त्व परिभाषानिर्मितीच्या चर्चेत बहुधा गृहीत धरले जाते. ‘अल्गॉलॉजिस्ट’ हा शब्द या गृहीताला छेद देतो. या एकाच रूपाने इंग्रजीत दोन भिन्न व्यक्तींचा निर्देश होतो. पहिली व्यक्ती तलावातील, समुद्रातील आणि ओलसर मातीतील शैवालांचा अभ्यास करते. दुसरी दीर्घकाळ वेदना सोसणाऱ्या रुग्णांवर उपचार करते. दोन्ही शास्त्रांचा परस्परांशी काहीही संबंध नाही. मराठीने या शब्दासाठी दोन स्वतंत्र पर्याय वापरून संदिग्धता सहज टाळली, ही गोष्ट मराठी परिभाषेच्या बाजूने नेहमी सांगता येते. मात्र ती टाळताना मराठीने जे दोन शब्द निवडले, त्यांची योग्यता सारखी आहे काय, हा प्रश्न सहसा विचारला जात नाही. प्रस्तुत लेखाचा रोख त्या प्रश्नावर आहे.

रूपसाम्याचा अपघात

लॅटिन भाषेत ‘आल्गा’ म्हणजे समुद्रकिनाऱ्यावर वाहून येणारी पाणवनस्पती. व्हर्जिल आणि होरेस या दोन्ही रोमन कवींनी अत्यंत क्षुद्र, टाकाऊ वस्तूचे उपमान म्हणून तिचा उल्लेख केला आहे. ग्रीक भाषेत ‘आल्गोस’ म्हणजे वेदना. दोहोंना ग्रीक ‘लोगोस’पासून आलेला एकच प्रत्यय लागला आणि जोडणीत शेवटचा स्वर ‘ओ’ झाल्याने मुळातला भेद पुसला गेला. न्युराल्जिया, मायाल्जिया, अॅनाल्जेसिक हे वैद्यकातील रूढ शब्द ‘आल्गोस’ची संतती आहेत. ‘नॉस्टॅल्जिया’ हा त्यांचाच भाऊबंद. योहानेस होफर याने १६८८ साली बासेल येथे सादर केलेल्या वैद्यकीय प्रबंधात घरी परतण्याच्या ओढीने जडणाऱ्या व्याधीचे नाव म्हणून तो घडवला. मराठीत त्याचा ‘स्मरणरंजन’ असा पर्याय रूढ झाला, म्हणजे मूळ शब्दातील वेदना वगळून तेथे रंजन बसवले गेले! उलटपक्षी दंतवैद्य ज्या आल्जिनेटने दातांचा ठसा घेतात, तो पदार्थ तपकिरी समुद्री शैवालांपासून मिळतो आणि त्याचे नाव ‘आल्गा’वरून आले आहे. दंतवैद्याच्या एकाच टेबलावर आल्जिनेट आणि अॅनाल्जेसिक शेजारी असतात. त्यांच्या नावांचे नाते मात्र केवळ नादाचे आहे.

शैवालाच्या अर्थाने ‘अल्गॉलॉजी’ या शब्दावर शुद्धतावाद्यांचा आक्षेप आहे. लॅटिन प्रकृती आणि ग्रीक प्रत्यय यांचा तो संकर असल्याने ‘फायकोलॉजी’ हे ग्रीक घटकांचे नाव त्यांना अधिक शास्त्रशुद्ध वाटते. अमेरिकेतील शैवालशास्त्रज्ञांची १९४६ साली स्थापन झालेली संस्था आणि ब्रिटनमधील १९५२ सालची संस्था यांनी हेच नाव घेतले. भारतात १९६२ पासून निघू लागलेल्या नियतकालिकाचे ‘फायकोस’ हे नावही त्याच ग्रीक शब्दावरून आले. हा आक्षेप मराठी वाचकाला फारसा पटण्याजोगा नाही. ‘जिल्हाधिकारी’ या शब्दात अरबी आणि संस्कृत एकत्र नांदतात आणि कोणाच्याही कारभाराचे त्यामुळे अडत नाही. ‘अल्गॉलॉजी’ मागे पडण्याचे खरे कारण संकर हे नसून स्पर्धा हे असावे. जागतिक वापर पाहिला असता रशियन आणि युक्रेनियन भाषांत हे नाव शैवालशास्त्राकडे राहिले, तर तुर्कस्तानात व इटलीत ते वेदनाचिकित्सेने घेतले. इंग्रजीने दोन्हीकडून अंग काढून घेतले. ‘फायकोलॉजी’ आणि ‘पेन मेडिसिन’ ही तिची आजची नावे आहेत. आपल्याकडे वनस्पतिशास्त्राच्या वर्गांत ‘अल्गॉलॉजी’ हे नाव अद्याप कानी पडते, वेदनाचिकित्सक मात्र आपल्या पाटीवर ते क्वचितच लिहितात.

येथे प्रत्ययाचाही प्रश्न आहे. इंग्रजीतील ‘लॉजिस्ट’ हा प्रत्यय अभ्यासक आणि उपचारकर्ता यांत भेद करत नाही. मराठीला निवड करावी लागते. शैवालांचा अभ्यासक ‘शैवालशास्त्रज्ञ’ होतो. रुग्णाला तपासणारा ‘वेदनाशास्त्रज्ञ’ होऊ शकत नाही, तो ‘वेदनातज्ज्ञ’ किंवा ‘वेदनाचिकित्सक’ होतो. ज्ञान मिळवणे आणि दुःख निवारणे या दोन क्रिया मराठीने वेगळ्या ठेवल्या, हे योग्यच झाले.

शेवाळ आणि शैवाल

१९६० साली महाराष्ट्र राज्याच्या स्थापनेनंतर भाषा संचालनालयाने परिभाषा कोशांचे जे कार्य हाती घेतले, त्यात संस्कृत शब्दांवरून संज्ञा घडवण्याकडे कल होता. ‘शैवाल’ ही संज्ञा या प्रवृत्तीशी सुसंगत आहे. ‘शेवाळ’ हे तिचे तद्भव रूप बोलीत आधीपासून होतेच, तेव्हा तत्सम रूपाची गरज काय, अशी शंका येऊ शकते. या ठिकाणी तत्समाचा पक्ष सबळ आहे. बोलीतील शेवाळ हे विहिरीच्या पायरीवर असते, तसेच कौलांवर आणि जांभ्याच्या गडग्यावरही असते. पायरीवरील निसरडा थर बहुधा शैवालाचा असतो. गडग्यावरील मखमली हिरवाई पुष्कळदा मॉसची असते. वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीने हे दोन भिन्न वर्ग होत. संस्कृत साहित्यातील शैवलही आजच्या अर्थाचे शैवाल असेलच असे नाही. ‘शाकुंतला’च्या पहिल्या अंकात वल्कल नेसलेल्या शकुंतलेला पाहून दुष्यंताला शैवलाने वेढलेले कमळ आठवते. ते शैवल म्हणजे तलावात वाढणारी एखादी सपुष्प पाणवनस्पतीही असू शकते. रोमन कवींना जे टाकाऊ वाटले ते कालिदासाला कमळाची शोभा न उणावणारे वाटले, हे जाता जाता नोंदवण्यासारखे आहे.

असा अर्थसंकोच केवळ मराठीत झाला असे नव्हे. लिनियसने १७५३ साली ‘अल्गी’ या गणात दगडफुलासारखी शैवाके आणि लिव्हरवर्टही घातली होती. पुढील अभ्यासाने ती बाहेर काढली. नील-हरित शैवाले तर आज जीवाणूंत गणली जातात, तरी अध्यापनात त्यांचे जुने नाव टिकून आहे. एम. ओ. पी. अय्यंगार यांनी १९३२ साली ‘फ्रिशिएला’ या ओलसर मातीत वाढणाऱ्या शैवालाचे वर्णन केले, तेव्हा अशा काटेकोर सीमांकनाखेरीज त्यांचे काम उभेच राहिले नसते. शैवाल आपले नाव स्वतः सांगत नाही. ते निरीक्षकाने ठरवायचे असते. म्हणून बोलीतील सैल शब्द बाजूला ठेवून नेमकी संज्ञा स्वीकारण्यात तेथे लाभच आहे.

वेणा आणि वेदना

वेदनेच्या बाबतीत हा न्याय लावता येत नाही, कारण वेदना ही सोसणाऱ्याने सांगायची गोष्ट आहे.

‘वेदना’ शब्दाचा इतिहासच या दृष्टीने विचारात घेण्यासारखा आहे. तो जाणणे या अर्थाच्या ‘विद्’ धातूपासून आला. बौद्ध पाली साहित्यात वेदना सुखद, दुःखद आणि दोन्ही नसलेली अशी तीन प्रकारची सांगितली आहे. म्हणजे तेथे हा शब्द अनुभूतिमात्राचा वाचक आहे. मराठी-हिंदीत त्याचा अर्थ दुःखद अनुभूतीपुरता आक्रसला. म्हणूनच विपश्यनेच्या शिकवणीत पाली ‘वेदना’साठी हिंदीत ‘संवेदना’ हा शब्द योजावा लागला. त्याच ‘वेदना’चे तद्भव रूप मराठीत ‘वेण’, अनेकवचनी ‘वेणा’, असे उरले आणि ते फक्त प्रसूतीच्या कळांना लागू झाले. दुसऱ्या बाजूला दलित साहित्याच्या समीक्षेत ‘वेदना, विद्रोह, नकार’ या त्रयीतून हाच तत्सम शब्द सामाजिक आणि सामूहिक अनुभवाचा वाचक झाला. एवढे ओझे वाहणारा शब्द वैद्यकीय संज्ञा म्हणून ‘पेन’च्या जागी ठेवला जातो, तेव्हा तो अतिव्याप्तही होतो आणि अतिशय दूरचाही. गुडघा धरून बसलेली खेड्यातील वृद्धा ‘मला वेदना होतात’ असे म्हणत नाही. ती म्हणते, ‘गुडघा ठणकतो’, किंवा ‘रात्री पायाची आग होते’.

या म्हणण्यात माहिती असते. ठणका, ठसठस, ठुसठुस, सणक, चमक, उसण, लचक, कळ, मुरडा, पेटके, जळजळ, चरचर, चुणचुण, झिणझिण्या, मुंग्या, रग, कसकस, अंग मोडून येणे, हुळहुळणे हे शब्द एकमेकांच्या जागी वापरता येत नाहीत. मुरडा पोटात येतो, खांद्यात येत नाही. उसण पाठीत वा कमरेत भरते आणि अवचित भरते. पिकलेले गळू ठसठसते. दबून राहिलेल्या हातात मुंग्या येतात. स्थान, गती, आवर्तन आणि कधीकधी कारणही या शब्दांत सामावलेले आहे. त्यांतील अनेक अनुकरणवाचक आहेत, म्हणून परिभाषाकारांना ते अप्रतिष्ठित वाटले असावेत. परंतु ज्या संस्कृत परंपरेच्या आधारे परिभाषा घडवली गेली, तिला असा संकोच नव्हता. ‘सुश्रुतसंहिते’च्या सूत्रस्थानात व्रणांच्या वेदनांचे प्रकार सांगताना टोचणे, फोडणे, ताडणे, छेदणे, घुसळणे अशा क्रियांवरून नामे योजली आहेत आणि त्यांच्याच रांगेत ‘चुमुचुमायन’ हा उघडउघड अनुकरणवाचक शब्दही बसवला आहे. मराठीतील ‘चुणचुण’ त्याच जातीची म्हणता येईल. (‘कळ’ आणि ‘कळणे’ यांची व्युत्पत्ती जोडून वेदना आणि ज्ञान यांचे नाते मराठीतही दाखवण्याचा मोह होतो, पण ‘आल्गा’ आणि ‘आल्गोस’ यांचे उदाहरण समोर असताना नादसाम्यावर भिस्त न ठेवणे बरे.)

आधुनिक वेदनाशास्त्राने हीच वाट पुन्हा शोधली आहे. रोनाल्ड मेल्झॅक यांनी १९७५ साली प्रसिद्ध केलेल्या मॅकगिल वेदना प्रश्नावलीत इंग्रजीतील ७८ विशेषणे २० गटांत मांडली आणि रुग्णाने त्यांतून निवड करावी अशी योजना केली. २००५ साली फ्रान्समधील संशोधकांनी प्रसिद्ध केलेली ‘डीएन-फोर’ ही प्रश्नावली मज्जातंतूंच्या विकारातून उद्भवणारी वेदना ओळखण्यासाठी आहे. तिच्यात जळजळ, विजेचा झटका, मुंग्या, टोचणी, बधिरता, खाज अशा लक्षणांची विचारणा होते. याचा अर्थ असा की, रुग्णाने ‘ठणकते’ ऐवजी ‘आग होते, मुंग्या येतात’ असे म्हटले तर निदानाची दिशा आणि त्यासोबत औषधाचा वर्गही बदलू शकतो. आंतरराष्ट्रीय वेदना अभ्यास संघटनेने १९७९ सालची आपली व्याख्या २०२० साली सुधारली. तिच्या टिपांत वेदना हा नेहमी व्यक्तिगत अनुभव असतो आणि व्यक्तीने दिलेल्या निवेदनाचा आदर केला पाहिजे, असे स्पष्ट केले आहे.

आता मराठी भाषक रुग्णाच्या केसपेपरची कल्पना करावी. रुग्ण बोलतो मराठीत, डॉक्टर लिहितो इंग्रजीत. ठणका, सणक, ठसठस यांची नोंद ‘पेन’ या एका शब्दाने होते आणि पुढे शून्य ते दहा या मापावरील एक आकडा येतो. तीव्रतेची नोंद झाली, जात गळाली. हा केसपेपर मराठीत लिहिण्याचे उद्या ठरले तरी परिस्थिती फारशी सुधारणार नाही, कारण ‘पेन’च्या जागी ‘वेदना’ येईल आणि ठणका पुन्हा बाहेरच राहील. इंग्रजी टाळून मराठी आणली की भाषेचा प्रश्न सुटला, असे मानणाऱ्यांनी या ठिकाणी थांबून विचार करणे आवश्यक आहे. येथे मराठी विरुद्ध इंग्रजी असा सामना नाही. ग्रंथस्थ मराठी आणि सोसणाऱ्याची मराठी यांत अंतर पडले आहे, आणि परिभाषेने ते वाढवले आहे.

यावर एक आक्षेप संभवतो. बोलीतील शब्द प्रदेशागणिक बदलतात, त्यांना प्रमाण संज्ञेची स्थिरता नसते. विदर्भातील रुग्णाचा शब्द रत्नागिरीतील डॉक्टरला उमजेलच याची शाश्वती नाही. आक्षेप खोटा नाही. मात्र त्याचे उत्तर शब्द गाळण्यात नसून ते नोंदवण्यात आहे. मोल्सवर्थने १८३१ साली आणि सुधारून १८५७ साली आपला मराठी-इंग्रजी कोश सिद्ध केला, तेव्हा असे बोलीतील शब्द त्याने आस्थेने टिपले होते. त्यानंतरच्या परिभाषा कोशांचे प्रयोजन वेगळे होते. इंग्रजी संज्ञेला मराठी प्रतिशब्द देणे एवढेच त्यांना अभिप्रेत होते. त्यामुळे ज्या मराठी शब्दाला एकशब्दी इंग्रजी प्रतिरूप नाही, तो त्यांच्या जाळ्यातून निसटत गेला. ‘हुळहुळणे’ याला इंग्रजी संज्ञा शोधू पाहणाऱ्याला ही अडचण लगेच जाणवेल.

‘वेदनातज्ज्ञ’ ही संज्ञा तशीच राहावी. तिच्याविषयी तक्रार नाही. मात्र वैद्यकीय परिभाषा कोशाच्या पुढील आवृत्तीत ‘वेदना’ या नोंदीखाली ठणक्यापासून हुळहुळण्यापर्यंतचे शब्द प्रदेश, शरीरस्थान आणि आवर्तन यांच्या निर्देशासह यावेत, तसेच केसपेपरवर रुग्णाचा मूळ शब्द देवनागरीत लिहिण्यासाठी एक ओळ मोकळी असावी. हे काम एकट्या वैद्यकाकडून होणारे नाही. महाविद्यालयांतील मराठी विभागांनी विद्यार्थ्यांकरवी आपापल्या तालुक्यांतील दुखण्याचे शब्द जमवले, आणि शरीररचनेचा जाणकार त्यांच्या जोडीला घेतला, तर आरंभ होऊ शकेल. ठसठस आणि ठुसठुस यांत नेमका फरक कोणता, हे सांगण्यासाठी आजही शब्दकोश पुरेसा पडत नाही. ज्याचे गळू पिकले आहे त्यालाच विचारावे लागते.