'सत्या' : बंद दारापाशी संपणारी प्रेमकथा

धर्मशास्त्राला वाहिलेल्या पत्रिकेने चित्रपटाची समीक्षा छापावी काय, असा प्रश्न काही वाचकांच्या मनात येणे स्वाभाविक आहे. द्वितीय व्हॅटिकन परिषदेने ४ डिसेंबर १९६३ रोजी सामाजिक संपर्कमाध्यमांविषयीचा आदेश प्रसृत केला आणि त्याच विषयावर १९७१ साली एक विस्तृत पाळकीय मार्गदर्शनपत्र निघाले, तेव्हाच या प्रश्नाचा निकाल लागला आहे, असे आम्ही मानतो. चित्रपट पाहणे योग्य की अयोग्य, एवढ्यावर थांबून आता भागत नाही. पाहिलेल्या चित्रपटाचा विवेकाने विचार कसा करावा, हे तरुणांना शिकविण्याची जबाबदारी धर्मगुरूंवर व धर्मशिक्षकांवर आहे. त्या दृष्टीने आम्ही येथे एका चित्रपटाचा परामर्श घेत आहोत.

राम गोपाल वर्मा यांनी दिग्दर्शित केलेला 'सत्या' ३ जुलै १९९८ रोजी प्रथम प्रदर्शित झाला आणि १७ जानेवारी २०२५ रोजी चित्रपटगृहांत पुन्हा लागला. सौरभ शुक्ला व अनुराग कश्यप यांनी त्याची पटकथा लिहिली आहे. चित्रपट हिंदी असला तरी त्यातील मुंबई मराठी माणसाला परकी वाटत नाही. भिकू म्हात्रेचे घर, चाळवजा वस्ती, पावसाळी गल्ल्या आणि गणेशविसर्जनाची गर्दी हे सारे आमच्या ओळखीचे आहे. पंचवीस वर्षांपूर्वीचा हा चित्रपट आजच्या तरुणांच्या हातातील फोनवरही पोहोचला आहे, आणि भिकूचे संवाद ज्यांना पाठ आहेत अशी मुले आमच्या युवक मंडळांतही आढळतात.

या चित्रपटाचा विचार करताना आमच्या डोळ्यांसमोर मुंबईचा वाचक नाही. जोयडा तालुक्यासारख्या विस्ताराने मोठ्या व वस्तीने विरळ प्रदेशात काम करणारा धर्मशिक्षक आहे. काळी नदीवरील सुपा धरणाच्या जलाशयात जुने सुपे गाव बुडाले, तालुक्याचे ठाणे जोयड्यास आले आणि अनेक कुटुंबे रामनगरला वसविली गेली. घराचा पत्ता नाहीसा होणे म्हणजे काय, हे या भागाला पुस्तकातून शिकावे लागलेले नाही. कोकणी, मराठी आणि कन्नड या तिन्ही भाषा ऐकत वाढलेला येथील तरुण कामासाठी घाट उतरून गोव्यात जातो, नाहीतर बेळगाव, पुणे, मुंबई, बंगळूर गाठतो. त्याला शहरात प्रथम कोण भेटते, हा प्रश्न त्याच्या आईवडिलांइतकाच आपलाही आहे. 'सत्या' त्या प्रश्नापासूनच सुरू होतो, म्हणून आम्ही त्याची निवड केली.

कथासूत्र

सत्या नावाचा तरुण मुंबईत उतरतो. तो कोठून आला, त्याचे कोण आहे, हे चित्रपट सांगत नाही. हप्ता मागायला आलेल्या एका गुंडाच्या तोंडावर तो वस्तरा फिरवतो. पुढे बारमध्ये काम करीत असताना जग्गा नावाच्या दादाशी त्याचे वैर होते आणि खोट्या आरोपाखाली त्याला तुरुंगात जावे लागते. तेथे भिकू म्हात्रे या टोळीप्रमुखाशी त्याची आधी मारामारी आणि मग मैत्री होते. भिकू त्याला सोडवतो व राहण्यास खोली देतो. टोळीतील सत्याची पहिली कामगिरी म्हणजे जग्गाचा खून.

त्या खोलीच्या शेजारी विद्या राहते. ती साध्या घरातली मुलगी आहे आणि चित्रपटात पार्श्वगायिका होण्याची तिची धडपड चालू आहे. दोघांचे प्रेम जमते. सत्याचा खरा व्यवसाय काय, हे मात्र तिला ठाऊक नसते. एका संगीत दिग्दर्शकाने नाकारलेली संधी तिला पुढे मिळते, ती सत्याने घातलेल्या धाकामुळे, आणि हेही तिला कळत नाही. ती दोघे 'बॉर्डर' पाहायला गेली असता, ज्याचा चेहरा सत्याने पूर्वी कापला होता तोच माणूस त्याला ओळखतो व पोलिसांना कळवतो. निसटण्यासाठी सत्या गोळी झाडतो. त्यातून उडालेल्या चेंगराचेंगरीत माणसे मरतात, विद्या वाचते. हादरलेला सत्या हा धंदा सोडायचे ठरवतो आणि भिकू दोघांना दुबईस पाठविण्याची व्यवस्था करतो. परंतु टोळीचा राजकीय धनी भाऊ ठाकूरदास भिकूचा विश्वासघाताने खून करतो. विसर्जनाच्या गर्दीत सत्या भाऊला मारतो व जखमी अवस्थेत विद्याच्या दारी येतो. तोपर्यंत पोलिसांकडून तिला सारे कळलेले असते. ती दार उघडत नाही. तिच्या डोळ्यांसमोर पोलिसांच्या गोळीने सत्याचा अंत होतो.

पहिले दार

गुन्हेगारीचे मूळ पैशाच्या लोभात आहे, असे आपण प्रवचनांतून वर्षानुवर्षे सांगत आलो. हा चित्रपट निराळे काही दाखवतो, आणि आमच्या मते ते अधिक खरे आहे. सत्याच्या ठिकाणी पैशाची हाव कोठेच दिसत नाही. टोळीत त्याला मिळते ती राहण्यास खोली, सोबत बसून जेवणारा मित्र आणि कोणी अंगावर हात टाकल्यास पाठीशी उभी राहणारी माणसे. भिकूला बायको आहे, मुले आहेत, घरात भांडणे आहेत आणि मायाही आहे. मनोज वाजपेयी यांनी ही भूमिका अशी उभी केली आहे की भिकूच्या क्रौर्याइतकाच त्याचा जिव्हाळाही पटतो. या भूमिकेबद्दल त्यांना सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तो यथार्थ होता.

अनोळखी नगरात सत्यासाठी पहिले दार एका खुन्याने उघडले, हा या कथेचा कणा आहे. पाप येथे मोहाच्या रूपाने येत नाही. ते आसऱ्याच्या रूपाने येते. म्हणूनच ते ओळखणे कठीण जाते, आणि ओळखल्यावर सोडणे त्याहून कठीण जाते. आसरा देणाऱ्याला नाही म्हणणे म्हणजे कृतघ्नपणा, असे मनच सांगू लागते. टोळीतून बाहेर पडलेल्या तरुणांशी ज्यांचे कधी बोलणे झाले आहे, त्यांना याची खूण पटेल.

मात्र चित्रपट सत्याला निरपराध बळी ठरवीत नाही, हे त्याचे श्रेय. तुरुंगात जाण्यापूर्वीच त्याच्या हातात वस्तरा आहे. तोच वस्त्राघात पुढे चित्रपटगृहात त्याच्यासमोर उभा राहतो आणि चेंगराचेंगरीत मेलेल्या अनोळखी माणसांपर्यंत जाऊन पोहोचतो. केलेले कृत्य करणाऱ्याच्या ताब्यात राहत नाही, ही गोष्ट येथे एकाही उपदेशाच्या वाक्यावाचून ध्यानात येते.

न बोललेले सत्य

नायकाचे नाव सत्या, आणि नेमका तोच सत्य बोलत नाही. नायिकेचे नाव विद्या, आणि तिलाच काही माहीत नाही. नावांतील हा विरोध कोणाही प्रेक्षकाला दिसेल. त्याच्या पलीकडे जाऊन आम्हांस एक भेद दाखवावासा वाटतो. विधू विनोद चोप्रा यांच्या 'परिंदा' (१९८९) या चित्रपटातही मुंबईच्या टोळीयुद्धात एक तरुण जोडपे सापडते. लग्नाच्या रात्रीच करण आणि पारो यांचा खून होतो. तेथे प्रेमाचा शत्रू बाहेरून बंदूक घेऊन येतो, आणि दोघे मरतात ती एकत्र. 'सत्या'त पोलीस येण्यापूर्वीच प्रेमाला तडा गेलेला आहे, आणि तो सत्याच्या मौनाने गेलेला आहे. बाहेरचे शत्रू नसते तरी हे घर कशावर उभे राहिले असते?

सत्या हा मार्ग सोडू पाहतो, हे खरे. पण त्याने योजलेली सुटका म्हणजे दुबई. गाव बदलायचे, धंदा बदलायचा आणि मागचे कोणाजवळ बोलायचे नाही. यास आम्ही पश्चात्ताप म्हणणार नाही. उत्पत्तीच्या चौथ्या अध्यायात हाबेलाच्या खुनानंतर परमेश्वर काइनाला शिक्षा सुनावतो, पण त्याआधी त्याला भावाविषयी विचारतो. बोलण्याची संधी काइनाला मिळते आणि तो ती टाळतो. पुढे तोच काइन नगर वसवितो, असे शास्त्र सांगते. लूकच्या पंधराव्या अध्यायातील धाकटा पुत्र मात्र घराकडे निघतो तो काय बोलायचे हे मनाशी ठरवूनच. सत्या दाराशी येतो तेव्हा त्याच्याजवळ प्रेम आहे, विनवणी आहे, रक्त आहे. पण बोलण्याचा काळ निघून गेलेला आहे.

म्हणून विद्या दार उघडत नाही, याबद्दल तिला निर्दय म्हणणाऱ्या प्रेक्षकांशी आम्ही सहमत नाही. ज्याच्यावर तिने विश्वास टाकला तो माणूस आणि दाराबाहेर उभा असलेला माणूस एकच आहे काय, हे समजण्यास तिला वेळच मिळालेला नाही. क्षमा करण्यापूर्वी सत्य कळण्याचा हक्क तिला होता. उपदेश करताना आपण क्षमेकडे घाईने वळतो आणि ज्याच्यावर अन्याय झाला त्याचा हा हक्क विसरतो.

विसर्जनाच्या प्रसंगाविषयीही थोडे सांगितले पाहिजे. हजारो माणसे भक्तीने चौपाटीवर जमली आहेत आणि त्याच गर्दीत सूडाचा खून होतो. यात अन्य धर्मीयांच्या उत्सवावर बोट ठेवण्यासारखे काही नाही. आमच्या फेस्तांच्या मिरवणुकीतही मनात सूड बाळगणारा माणूस मेणबत्ती घेऊन चालू शकतो, आणि शेजारच्याला त्याचा पत्ता नसतो.

चित्रपटाच्या मर्यादा

चित्रपटाचे गुण मान्य करूनही त्याच्या तीन उणिवा नोंदविणे आवश्यक आहे.

पहिली उणीव अशी की, सत्याला भूतकाळ नाही. त्यामुळे तो कोणाही गावचा होऊ शकतो हे खरे, पण शहरातील गुन्हेगारी आकाशातून पडल्यासारखी वाटू लागते. १८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईच्या गिरण्यांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात होते. संप चिघळला, गिरण्या एकामागून एक बंद पडत गेल्या आणि कामगारांच्या वस्त्यांतील रिकाम्या हातांच्या मुलांवर टोळ्यांची नजर गेली. या इतिहासाचा चित्रपटात मागमूसही नाही. या बाबतीत सूरी यांचा 'दुनिया' (२००७) हा कन्नड चित्रपट अधिक जमिनीवरचा आहे. त्याचा नायक दगडखाणीत राबणारा मजूर आहे. तो बंगळुरात येऊन पोहोचतो, एका निराधार मुलीवर त्याचे प्रेम जडते आणि शहरातील दादा त्याच्या बाहुबळाचा उपयोग करू पाहतात. हा माणूस कोठून आला, हे तेथे प्रेक्षकाला माहीत असते.

दुसरी उणीव अधिक गंभीर आहे. मेलेल्यांना येथे चेहरे नाहीत. चेंगराचेंगरीत प्राण गमावलेल्यांपैकी एकाच्याही घरी चित्रपट जात नाही. भिकू मरतो तेव्हा प्रेक्षकांचे डोळे पाणावतात. त्याने मारलेल्यांसाठी ते पाणावत नाहीत. समुद्राकाठी उभा राहून मुंबईचा राजा आपणच असे ओरडणारा भिकू तरुणांच्या ध्यानात राहतो, आणि त्याचा कुत्र्यासारखा झालेला शेवट ते विसरतात. दिग्दर्शकाचा हेतू गुन्हेगारीचे गुणगान करण्याचा नसेलही, पण परिणामाची जबाबदारी कलावंताला पूर्णपणे टाळता येत नाही.

तिसरी उणीव विद्याची. तिच्या दारात माणूस मेल्यावर चित्रपट संपतो. तिचे पुढे काय झाले? पोलीस चौकशीला आले असतील, शेजाऱ्यांनी बोलणे टाकले असेल, गाण्याची संधीही धाकाने मिळाली होती हे तिला कळले असेल. कथेला तिच्या निष्पापपणाची गरज होती तोवर ती पडद्यावर राहिली. तिच्या दुःखासाठी कथेजवळ जागा उरली नाही.

आमच्या कामाशी संबंध

या शेवटच्या उणिवेपाशीच आपले काम सुरू होते. गावातला मुलगा शहरात एखाद्या गुन्ह्यात अडकल्याची बातमी येते तेव्हा त्याच्याविषयी सगळे बोलतात. ज्या मुलीचे लग्न त्याच्याशी ठरलेले असते, किंवा जिने त्याच्यासोबत शहरात संसार थाटलेला असतो, तिच्या घरी कोणी जात नाही. लोक तिलाही दोषी धरतात, नाहीतर तिचे नाव घेणेच टाळतात. तिच्याकडे जाणे, तिने काही न सांगितले तरी बसून राहणे, आणि तिच्यासाठी पोलिसांशी व गावाशी बोलणे, हे धर्मशिक्षकाचे काम आहे.

दुसरे काम त्याहून आधीचे. आपल्या भागातून तरुण बाहेर पडतो त्या आठवड्यात तो जेथे जाणार तेथील धर्मगुरूंना त्याचे नाव व फोन क्रमांक कळविणे फारसे कठीण नाही. पहिल्या रात्री निवाऱ्याची सोय करू शकेल असे एखादे कुटुंब तेथे शोधता आले, तर त्याहून चांगले. तिसरे काम म्हणजे परतलेल्यांचे ऐकून घेणे. चुकीच्या सोबतीत पडलेला मुलगा सणाला घरी येतो तेव्हा त्याला बोलायचे असते. पहिल्याच वाक्याला आपण प्रवचन सुरू केले तर दुसरे वाक्य तो बोलत नाही.

चित्रपट युवक मंडळात दाखवावा काय? त्यास प्रौढांसाठीचे प्रमाणपत्र आहे, तेव्हा अठरा वर्षांखालील मुलांसमोर तो लावू नये. प्रौढ तरुणांनी तो बहुधा पाहिलेला असतोच. त्यांच्याशी चर्चा करताना भिकूपासून आरंभ न करता विद्यापासून करावा, अशी आमची सूचना आहे. सत्याने तिला केव्हा सांगायला हवे होते आणि कोणत्या शब्दांत, एवढे दोनच प्रश्न विचारावेत. ज्यांची लग्ने ठरली आहेत अशा मुलामुलींनी त्यांची उत्तरे एकमेकांच्या देखत द्यावीत.