अर्धा इग्लू

रॉबर्ट फ्लाहर्टीचा ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ (1922) हा माहितीपटांचा आदिग्रंथ मानला जातो. त्यातले इग्लूतले दृश्य मला छळते. कॅमेऱ्याला उजेड हवा म्हणून इग्लू अर्धाच बांधलेला होता. उघड्या थंडीत माणसांनी कपडे उतरवून झोपेचे सोंग करायचे आणि जगाने त्याला वास्तव म्हणायचे!

नायकाचे खरे नाव अल्लाकारियाल्लाक. त्याच्या लोकांकडे बंदुका होत्या. पडद्यावर हार्पूनच दाखवले. ग्रामोफोनची तबकडी तो दातांनी चावून बघतो आणि प्रेक्षक हसतात. पैसा होता रेव्हियाँ फ्रेर या फरच्या व्यापारी कंपनीचा. ज्याच्याकडून कातडी घ्यायची तो भाबडा आणि हसरा दिसणे व्यापाऱ्याला सोयीचेच.

त्यात सहानुभूती आहे, हे मी नाकारत नाही. पण फिल्म धुण्यापासून कॅमेऱ्याच्या देखभालीपर्यंत इनुइट राबले. श्रम त्यांचे, नाव फ्लाहर्टीचे. आणि हे केवळ कलेचे प्रकरण नव्हे. ज्या इनुकजुआक परिसरात चित्रण झाले, तिथलीच कुटुंबे 1953 पासून कॅनडा सरकारने सुमारे दोन हजार किलोमीटर उत्तरेला नेऊन टाकली. ही माणसे शिकारीवर कुठेही जगतील, असे गृहीत धरले होते. हे गृहीतक रुजवण्यात त्या हसऱ्या नानूकचा वाटा आहे, असे माझे मत आहे. 1955 मध्ये नेलेल्यांत फ्लाहर्टीचा इनुइट स्त्रीपासून झालेला मुलगाही होता. सरकारने माफी मागितली 2010 साली.

इग्लूलिक गावाने वेगळे उत्तर दिले. इनुक्टिटुट भाषेत कार्यक्रम नाहीत, म्हणून 1975 आणि 1979 च्या मतदानांत त्यांनी टेलिव्हिजनच नाकारला. मला हा नकार कोणत्याही जाहीरनाम्याहून मोठा वाटतो. तिथेच 1990 मध्ये ‘इसुमा’ संस्था उभी राहिली. इसुमा म्हणजे विचार. झकारियास कुनुकचा ‘अटानारजुआट’ (2001) तिचाच. संपूर्ण इनुक्टिटुट भाषेतला हा चित्रपट वृद्धांच्या तोंडच्या कथेवरून पॉल आपाक आंगिलिर्कने लिहिला. तो पडद्यावर यायच्या आतच, 1998 मध्ये, पॉल वारला. कान महोत्सवात त्याला कॅमेरा द’ऑर मिळाले. यातही माणूस उघडा आहे, बर्फावरून रक्ताळल्या पायांनी धावतो आहे. पण तो जीव वाचवायला धावतो, पाहुण्याला दाखवायला नव्हे. शेवटच्या श्रेयनामावलीत तर चित्रीकरण करणारी माणसे, त्यांचा कॅमेरा, सारे उघड दाखवले आहे.

आता एक अडचणीची गोष्ट. या चित्रपटाचा छायालेखक नॉर्मन कोहन हा न्यूयॉर्कचा, इनुइट नव्हे. मग ही परक्याचीच नजर झाली काय? दलितेतराने दलित जीवनावर लिहावे काय, हा वाद आपण वर्षानुवर्षे घातला. त्याच चालीवर हा प्रश्न येतो. मला तो अपुरा वाटतो. कोहन इग्लूलिकला येऊन राहिला. संस्थेची बहुसंख्य मालकी इनुइटांची होती. कथा कोणती, भाषा कोणती, कोणते दृश्य ठेवायचे, हे गावाची माणसे ठरवीत. फ्लाहर्टीनेही रोजचे चित्रण इनुइटांना दाखवून त्यांची मते घेतली होती, हे त्याचे चाहते अभिमानाने सांगतात. मते घेतली, खरे. चित्रपट मात्र व्यापारी कंपनीचाच राहिला.