न मागता आलेलं चित्र

मंडळी, नाट्यासारख्या गावात व्हिडिओकलेवर व्याख्यान कशाला, असं काहींना वाटलं असेल. पण प्रश्न आपल्या सगळ्यांचाच आहे: न मागता समोर आलेल्या कलाकृतीशी कसं वागायचं?

१९६९च्या नाताळात यान डिबेट्स या डच कलावंतानं जर्मन टीव्हीवर नुसती जळती लाकडं दाखवली. रोज रात्री, कार्यक्रम संपताना, थोडाच वेळ. घरातला टीव्ही म्हणजे शेकोटी! निवेदन नाही, खुलासा नाही.

आपल्याकडे मुंबई दूरदर्शन सुरू झालं २ ऑक्टोबर १९७२ला. पण बेसावध प्रेक्षक त्याआधीच होता, थेटरात. मुख्य चित्रपटाआधी सरकारी लघुपट दाखवणं सक्तीचं होतं. ते लघुपट काढणाऱ्या मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनमध्ये राहून प्रमोद पतींनी १९६८ला ‘एक्सप्लोरर’ केला. माध्यम फिल्मचं, व्हिडिओचं नव्हे; पण टीव्हीवरच्या त्या प्रयोगांचा हा सख्खा चुलतभाऊ. नाचणारी तरुण मुलं, विज्ञान, धर्म यांच्या प्रतिमा डोळ्यांवर अक्षरशः आदळतात. निवेदक काही समजावून सांगत नाही.

आता कुणी म्हणेल, ही सक्तीच की! बरोबर आहे. सरकारनं मला काय दाखवावं, हा वाद रास्तच. तरी एक फरक बघा. प्रचारपट आपल्याकडून होकार मागतो. ‘एक्सप्लोरर’ होकार मागत नाही, तो आपल्याला गोंधळू देतो. माझी तक्रार वेगळी आहे: तो श्वास घेऊ देत नाही. डिबेट्सच्या विस्तवासमोर मन रेंगाळतं, इथे त्याची फरफट होते. पतींचाच ‘आबिद’ (१९७२) मला म्हणून जास्त आवडतो. चित्रकार आबिद सुरतींना एकेक चौकट टिपत त्यांनी असं हलवलंय की वेग तोच, पण त्यात खेळकरपणा आलाय.

पुढे व्हिडिओकला बरीचशी कलादालनांत गेली. तिथला प्रेक्षक ठरवून येतो, तयारीनं येतो. आणि आपल्या खिशातला फोन? तो आपल्या आवडीचंच पुन्हा पुन्हा वाढतो. मग अभिरुची वाढायची कशी? जे कधी भेटलंच नाही, ते आवडतं की नाही हे तरी कसं कळणार?

तेव्हा न कळणारं काही समोर आलं, तर बोटानं लगेच सरकवू नका. दोन मिनिटं बघा, मग खुशाल नावं ठेवा. आता तुमचे प्रश्न घेऊ.