रंगाखाली हरवलेले कापड

व्लादिस्लाव रेमोंटला १९२४चे नोबेल मिळवून देणाऱ्या ‘शेतकरी’ या कादंबरीवरच्या २०२३च्या चित्रपटाने अनेकांचे डोळे दिपले. आधी नटनट्यांना घेऊन चित्रित केलेली दृश्ये चित्रकारांनी तैलरंगात पुन्हा रंगवली. त्या कष्टांबद्दल आदरच आहे. पण नायिका याग्ना झालेल्या कामिला उझेंदोव्स्काच्या अंगावरचे कपडे पडद्यावर पोचेपर्यंत कापड उरत नाहीत, नुसता रंग होतात. लग्नातल्या नाचात घागऱ्याचा घेर फिरतो, पण त्याचे ओझे कमरेला जाणवत नाही. शेवटी गावकरी तिचे कपडे फाडतात तेव्हा तर हा दोष असह्य होतो. फाटायला आधी वस्त्र असावे लागते. इथे रंगाचा एक फटकारा जाऊन दुसरा येतो आणि बाईच्या विटंबनेचेही देखणे चित्र होऊन बसते.

याच रेमोंटच्या दुसऱ्या कादंबरीवर आन्जेय वायदाने १९७५ साली ‘वचनभूमी’ केला, आणि त्याची वेशभूषा बार्बारा प्ताक यांची होती. तो घडतो ते वूच हे कापडगिरण्यांचे शहर. तिथे कापड हेच भांडवल, तीच प्रतिष्ठा आणि तोच मजुरांचा काळ. म्हणून या चित्रपटात कोणी काय घातले आहे हा प्रश्न शोभेचा राहतच नाही. विणणारा आणि मिरवणारा यांच्यातले अंतर संवादाआधी अंगावर दिसते. त्याच वर्षी प्ताक यांनी येझी आंत्चाकच्या ‘रात्री आणि दिवस’साठीही काम केले. त्यातला तोलिबोस्की पांढऱ्या सुटात तळ्यात शिरतो आणि नायिका बार्बारासाठी कमळे घेऊन येतो. पोलंडमध्ये हे दृश्य कोणाला ठाऊक नाही? सूट गडद असता तर तो फक्त भिजला असता. पांढरा आहे म्हणून तो वाया जातो, आणि हे वाया घालवणेच बार्बारा संसारभर विसरू शकत नाही. बार्बारा साकारणाऱ्या बारान्स्काने तिचा सारा असमाधानी संसार ज्या आठवणीवर उभा केला, ती आठवण वेशभूषेने पुरवलेली आहे. येझी होफमनच्या, शेन्क्येविचच्या कादंबऱ्यांवरच्या चित्रपटांत मात्र पोशाख पुष्कळ, माणसे थोडी.

कोणी म्हणेल, चित्रपटाने वास्तवाशी बांधून का घ्यावे? बांधून घ्यावे असे माझे म्हणणे नाही. १९६६चा कावालेरोविचचा ‘फॅरो’ पुरता शैलीबद्ध आहे. वाळूच्या रंगांपलीकडे तो फारसा जात नाही. तरी प्ताक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी घडवलेली ती वस्त्रे अंगावर बसतात, नटाची चाल ठरवतात. दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. वायदाच्याच ‘राख आणि हिरे’मध्ये नट त्सिबुल्स्कीने १९४५च्या मेमधला भूमिगत सैनिक १९५८च्या स्वतःच्या कपड्यांत आणि काळ्या चष्म्यात साकारला. मग वेशभूषाकार हवा कशाला? मला त्यातून उलटेच सिद्ध झालेले दिसते. त्या चष्म्याने युद्धात होरपळलेली पिढी आणि तिच्यामागून आलेली तरुण पिढी एका चेहऱ्यावर आणून बसवली. तो निर्णय वेशभूषेचाच होता, फक्त नटाने घेतला. पोलिश पडद्यावर वेशभूषा आणि अभिनय ही दोन कामे अशी एकमेकांत मिसळली आहेत की एकाचे श्रेय दुसऱ्याला सोडून देताच येत नाही.

आणि समीक्षा तेच बिनदिक्कत सोडून देत आली आहे. पावलिकोव्स्कीच्या ‘इदा’वर लिहिणारे बहुतेक जण करड्या छटांवर आणि पात्रांच्या डोक्यावर राखलेल्या मोकळ्या जागेवर थांबतात. अलेक्सांद्रा स्ताश्को यांची वेशभूषा एका ओळीत उरकते. जोगीण होऊ घातलेली इदा साकारणारी आगाता त्शेबुहोव्स्का ही व्यावसायिक नटी नव्हती. तिच्याकडून भावनांचे चढउतार मागितलेलेच नाहीत. मावशीचा झगा आणि उंच टाचा चढवून ती अडखळते, त्या अडखळण्यात सगळा अभिनय येतो. शेवटी ती जोगिणीचा वेश पुन्हा घालून निघते. जवळजवळ सबंध चित्रपटभर स्थिर राहिलेला कॅमेरा तेव्हा तिच्याबरोबर चालू लागतो, याचे कौतुक सर्वांनी केले. पण कॅमेऱ्याने फक्त तिची पाठराखण केली. ती काय ठरवून निघाली आहे हे एक शब्दही न उच्चारता सांगितले, ते तिच्या डोक्यावर परत आलेल्या त्या कापडाने.